सागवानी मांडव

आमच्या बाबांनी उभ्या आयुष्यात स्वतःच्या हाताने एकच वस्तू बांधली, आणि तिचं मोकळ्या मनाने कौतुक करायला मला अजून जमलेलं नाही. ते गांधीबागेतल्या एका ठोक कापडाच्या दुकानात गादीवर बसून ठाण उलगडणारे गृहस्थ. हात मऊ, नखं कापलेली, बोटांना कायम कोऱ्या मांजरपाटाचा वास. घरात खिळा ठोकायचा असला तर तो आई ठोकायची आणि बाबा लांबून ‘सांभाळून, सांभाळून’ करायचे. अशा माणसाने विमलताईचं लग्न ठरल्यावर आठवड्याच्या आत जेवता जेवता जाहीर केलं, की मांडव लाकडाचा करायचा आणि तो मीच बांधणार. आईने वाढता वाढता हात आवरला आणि त्यांच्या कपाळाकडे असं पाहिलं, जसं काही ताप आहे का ते बघतेय.

“मांडव बांधाले माणसं येतेत न जी,” ती म्हणाली. “दोन दिवसाचं त काम. बांबू उभे केले, कनात ताणली, झालं.”

“कनातीखाली वैशाखात माणूस भाजते,” बाबा म्हणाले. “सागवानाचा करतो. वरून तुराट्याच्या ताट्या, ताट्यावर जांभळीच्या डहाळ्या. मंग लग्न झाल्यावर तेच आपली ओसरी होईन. पोरगी घरी आली त सावलीत बसन.”

हे शेवटचं वाक्य त्यांनी भाताकडे बघत म्हटलं. मी सोळा वर्षांची होते आणि मला त्यात बापाची माया दिसली. माया होतीच, तेवढं मी आजही नाकारत नाही. पण तिच्या पोटात आणखी काय होतं ते कळायला वैशाख उलटून जावा लागला.

आमचं घर दोन खोल्यांचं, पण अंगण मोठं आणि थेट रस्त्याला लागून. त्या अंगणात एक झाड म्हणून नव्हतं. उन्हाळ्यात दहा वाजले की फरशी अशी तापायची, की आम्ही दोघी बहिणी टाचा उचलून नळावर पळायचो. दोघीच आम्ही. ताई माझ्याहून आठ वर्षांनी मोठी, आणि खरं सांगायचं तर मला वाढवलं तिनंच. ती माझी वेणी इतकी आवळून घालायची, की माझे डोळे तिरपे व्हायचे. ओरडलं की डोक्यात टपली. रंग सावळा, नाक बाबांचं, जीभ आजीची असं तिच्याबद्दल सगळे म्हणत. पाच-सहा जण तिला बघून, पोहे खाऊन, ‘कळवतो’ म्हणून गेले होते आणि कोणीच कळवलं नव्हतं. सहावा गेला तेव्हा ती कढई घासता घासता मला म्हणाली, “सुमे, आता पुढच्याले पोहे नको देऊ. तिखट घालून मुरमुरे देजो, लवकर उठन.” मी हसून हसून लोळले. ती हसली नाही, हे मला आता आठवतं.

सातवं स्थळ आणलं ते काटोलच्या दाजीकाकांनी, बाबांच्या चुलतभावाने. मुलगा नरखेडकडचा, एकुलता एक, संत्र्याचा मळा, दोन विहिरी, मोटारसायकल. मुलाकडच्यांनी काही खाल्लंही नाही, फक्त चहा घेतला आणि होकार दिला. आई देवापुढे जाऊन बसली ती अर्धा तास उठली नाही. आमच्या घरात तेव्हा कोणाच्याही मनात आलं नाही, की एवढं सगळं असलेला एकुलता एक मुलगा तिशी उलटेपर्यंत बिनलग्नाचा कसा राहिला. निदान मला आणि आईला असं वाटलं, की ते कोणाच्याच मनात आलं नाही.

तर मांडव. पाडलेल्या एका जुन्या इमारतीचं सागवान बाबांनी बैलगाडीवर टाकून आणलं. काळंभोर, खिळ्यांच्या भोकांनी भरलेलं. गल्लीत नथ्थूजी नावाचे म्हातारे मिस्त्री राहत, हात थरथरायला लागले म्हणून काम सोडलेले. त्यांना खाटेवर बसवून बाबा शिकायला लागले. आठ खांब, वर चौकट, चौकटीवर आडव्या पट्ट्या. आडव्याच्या टोकाला जीभ काढायची, खांबाला तेवढंच भोक पाडायचं, जीभ भोकात बसवायची आणि आरपार लाकडाची मेख ठोकायची. लोखंड कुठेच नाही. बाबांनी सगळे आडवे स्वतः मोजून कापले, मला मोठ्या ऐटीत हाक मारून दाखवले, आणि बसवायला गेले तर एकही बसेना. प्रत्येक लाकूड बोटभर लांब. नथ्थूजींनी पट्टी लावून पाहिली, पुन्हा पाहिली आणि विचारलं, “मोजलं कसं गा तुम्ही?”

“बरोबर मोजलं. वर बोटभर जास्त ठेवलं,” बाबा म्हणाले.

“काहून?”

तीस वर्षं कापड मोजून बोटभर जास्त सोडायची सवय. कापड धुतल्यावर आटतं ना! नथ्थूजी खाटेवरून पडायचे राहिले. “बाप्पा, सागवान धुवाले टाकता काय नळावर?” ही गोष्ट दुपारपर्यंत गल्लीभर झाली आणि पुढे कितीतरी दिवस बाबांना बघून कोणी ना कोणी हाताने कापड मोजल्यासारखं करायचं. बाबाही हसायचे. त्यांना एवढं हसताना मी आधी पाहिलं नव्हतं, नंतर तर नाहीच.

त्या दोन महिन्यांचा आवाज अजून माझ्या कानात आहे. पहाटेचा नळ सुरू व्हायच्या आत रंधा सुरू व्हायचा. सर्र, सर्र, मग थांबून फुंकर, मग पटाशीवर ठोके. अंगणभर लाकडाच्या कुरळ्या सालपटांचा सडा. ताई ती गोळा करून चुलीत घालायची, त्यामुळे त्या फाल्गुन-चैत्रातल्या आमच्या भाकरीलाही सागवानाचा वास होता. आठ वाजता बाबा हातपाय धुऊन, त्या अर्ध्या चौकटीखालीच बसून भाकर, ठेचा आणि कांदा खायचे आणि दुकानात जायचे. हातांना फोड आले, फुटले, पुन्हा आले. दुकानात शेठ म्हणाले की ठाणाला डाग पडतात, तर हाताला चिंध्या बांधून जायला लागले. आई हळद लावता लावता कुरकुरायची, “कोणासाठी जीव देऊन राहिले एवढा?” ते दुसरा हात पुढे करायचे. मला वाटायचं, किती नशीबवान आहे ताई. माझ्या लग्नाला बाबा एवढं करतील का, असा हेवासुद्धा मी केला.

शेजारच्या बायका मात्र आल्या गेल्या नाक मुरडायच्या. आमच्यात रीत अशी, की लग्नानंतर मुलगी पहिल्यांदा घरी येते ती मांडवपरतणीला. ती येईपर्यंत मांडव उतरवायचा नाही, आणि तो उभा आहे तोवर तिला सासरच्यांनी न्यायचं नाही. तीन दिवस, पाच दिवस, जसं जमेल तसं मुलगी माहेरी राहते. मग तिला न्यायला येतात त्या दिवशी मांडव उतरतो आणि ती जाते. म्हणून मांडव बांधतात तो सुतळीने, चार गाठी सोडल्या की खाली येईल असा. समोरच्या म्हाताऱ्या काकू एकदा कमरेवर हात ठेवून बाबांना म्हणाल्या, “मांडवाले मेखा मारते का गा कोणी? मांडव उतरवाचा असते.” बाबा म्हणाले, “माहा नाई उतरवाचा.” काकू पदराखाली हात जोडत गेल्या.

लग्नाच्या दिवशी मात्र सगळ्यांची तोंडं बंद झाली. बाहेर ऊन मी मी म्हणत होतं आणि आमच्या मांडवात हिरवा अंधार. ताट्यांवर पाणी मारलं होतं, जांभळीचा वास होता, पंगतीला आंब्याचा रस आणि काडीवर हाताने वळून उकडलेले कणकेचे सरगुंडे. व्याही मंडळींनी खांबांवर हात फिरवून विचारलं, की मिस्त्री कुठला. बाबा पंगतीत रस वाढायला निघून गेले. ताई पिवळ्या शालूत बसली होती आणि मधूनच वर बघत होती. जाताना रडली, पण जेवढं रडायचं तेवढंच. मी मात्र खांबाला मिठी मारून रडत बसले. आताशा लग्नं लॉनवर होतात, लोखंडी पाइपांवर झालरी असतात, आणि नातीच्या लग्नात तिथल्या पोराने सकाळी सहाला सगळं उतरवून ट्रकमध्ये भरलंसुद्धा. मला त्याचं किती बरं वाटलं, ते मी कोणाला सांगितलं नाही.

आठव्या दिवशी ताई मांडवपरतणीला आली. जावई तिला सोडून, वडाभात जेवून परत गेले. बोलायला वागायला गृहस्थ सरळ. मला एक रुमालही आणला होता. दुसऱ्या दुपारी आई आत झोपली होती, बाबा दुकानात, आणि आम्ही दोघी मांडवाखाली कैऱ्या चिरत बसलो होतो. ताईने विळी थांबवली.

“सुमे, मी आता नाई जात.”

मला वाटलं ती आणखी दोन दिवस राहायचं म्हणतेय. मी म्हटलं, “राह्य न. मांडव त उभाच आहे.”

“मळ्यावर एक बाई आहे,” ती म्हणाली. “त्यायची. दोन लेकरं आहेत तिले. मोठं पोरगं अगदी त्यायच्यासारखंच दिसते. पहिल्या दिवशी मी स्वयंपाक कराले बसली, त मीठ सापडे ना. तिनंच आणून देल्लं. म्हणे, बाई, मी इथं ठेवतो.”

एवढं बोलून ती पुन्हा कैऱ्या चिरायला लागली. पुढे तिने त्या बाईबद्दल वाईट शब्द काढला नाही, ना तेव्हा ना कधी. मी म्हटलं, की बाबांना सांगू. ती म्हणाली, “मीच सांगीन. पहिले मले नीट श्वास घेऊ दे.” आणि मी सोळा वर्षांची शहाणी, माझ्या डोक्यात एकच हिशेब: बाबांनी मांडव न उतरवण्यासाठीच बांधलाय. मग मांडव उभा, ताई घरात, आणि कोणी तिला नेऊ शकत नाही. मला मनातून उकळ्या फुटत होत्या. मी तिला तसं बोलूनही दाखवलं आणि तिने मला पहिल्यांदा टपली न मारता जवळ घेतलं.

पाच दिवस झाले, आठ झाले, अकरा झाले. सासरहून निरोप आला, की गुरुवारी न्यायला येतो. गल्लीत कुजबुज सुरू झाली. आईला कळत होतं की काहीतरी आहे. ती विचारायची आणि ताई म्हणायची, बाबांशी बोलते. पण बाबा सापडतील तर ना. ते दुकान उघडायच्या आधी जायचे, उशिरा यायचे, ताटावर बसले की घाईने जेवायचे. ताईकडे बघायचेच नाहीत. गुरुवारी त्यांचं दुकान बंद, म्हणून त्या सकाळी ते मांडवात एका खांबाला रंधा मारत बसले होते. तिथे रंधा मारण्यासारखं काही उरलंच नव्हतं.

ताई समोर जाऊन उभी राहिली आणि तिने सांगितलं. मला सांगितलं तसंच, मिठासकट. मी दाराशी होते, आई माझ्या मागे. आईच्या तोंडून ‘अगं माय’ असा आवाज आला आणि ती उंबऱ्यावर बसली. बाबांचा रंधा थांबला नाही. सर्र, सर्र. तो हळूहळू बारीक झाला, मग थांबला. त्यांनी मान वर केली नाही. मी वाट बघत होते की ते आता उठतील, ओरडतील, दाजीकाकांच्या नावाने बोटं मोडतील.

ताई त्यांच्याकडे बघत राहिली. मग अगदी हळू म्हणाली, “तुमाले माहीत होतं.”

“सुटन म्हणे लग्न झाल्यावर,” बाबा लाकडाला सांगावं तसं म्हणाले. “दाजी म्हणे. माणसाचं असते म्हणे असं, बायको आली का सुटते.”

“कधी म्हणे?”

“साखरपुड्याच्या पहिले.”

साखरपुड्याच्या आधी. म्हणजे सागवान यायच्या आधी, हातांना फोड यायच्या आधी, आम्ही बोटभर लांब लाकडांवर हसलो त्याच्याही आधी. मी सोळा वर्षांची होते तरी मला हे लगेच कळलं, आणि आईलाही कळलं असावं, कारण तिने डोक्यावरचा पदर तोंडावर ओढला.

“मंग एवढा मांडव काहून बांधला?” ताईने विचारलं.

बाबांनी पहिल्यांदा तिच्याकडे पाहिलं. “मी बोलतो त्यायच्याशी आज,” ते म्हणाले. “तू नको जाऊ, बेटा. राह्य इथंच. तुहंच घर आहे. मांडव उभा आहे, कोणी काही म्हणन नाई.”

मला वाटलं, जिंकलो. अजूनही कधी कधी दुपारी पडल्या पडल्या मी ते दृश्य तिथेच थांबवते. ताई ‘हो’ म्हणते, आत येते, कैरीचं पन्हं करते. पण तिने आमच्या घराकडे पाहिलं, दाराकडे, उंबऱ्यावर बसलेल्या आईकडे, माझ्याकडे. जसं कोणाचं तरी घर बघावं तसं पाहिलं.

“कोणाच्या भरवशावर राहू?” ती म्हणाली. “थ्या बाईनं मले पहिल्या दिवशी खरं सांगितलं. उतरवा मांडव. मले जाचं आहे.”

आई रडली, मी ताईचे पाय धरले, बाबा दोनदा ‘विमल, विमल’ म्हणाले. ती मांडवाबाहेर जाऊन अंगणात उन्हात उभी राहिली. “मांडव उतरल्याशिवाय मी हलत नाई,” म्हणाली. वर सूर्य चढत होता. शेवटी बाबा उठले. आधी ताट्या काढल्या. वाळलेली जांभळीची पानं त्यांच्या डोक्यावर, खांद्यावर पडत होती. मग पट्ट्या. मग मेखांची पाळी आली आणि मेखा निघेनात. सुतळी असती तर सोडली असती. इथे प्रत्येक मेख त्यांनी स्वतःच, पुन्हा कधी निघू नये म्हणून ठोकलेली. ते हातोडीने उलट्या बाजूने ठोकत होते, हात सटकत होता, रक्त यायला लागलं. नथ्थूजी गल्लीतून थरथरत आले आणि म्हणाले, “मी दाखवतो.” बाबांनी मान हलवून त्यांना परत पाठवलं. सगळी गल्ली दारात उभी होती. मी ताईच्या डोक्यावर छत्री धरायला गेले, तर तिने माझा हात बाजूला केला. दोन तास ती तशीच उभी होती.

दुपारी जावई आणि त्यांचे काका आले तेव्हा सहा खांब जमिनीवर होते. काकांनी पाहिलं, खूश झाले. “हे बरं केलं, सोयरे,” म्हणाले. “रीतीनं झालं सगळं.” बाबांनी रक्ताचा हात मागे धरून त्यांना रामराम केला. बोलतो म्हणाले होते, ते काही बोलले नाहीत. शेवटचे दोन खांब उतरल्यावर ताईने आईला नमस्कार केला, माझी वेणी एकदा ओढून घट्ट केली आणि बाबांच्या समोरून, न थांबता, रस्त्यावर गेली.

ती पुन्हा आमच्या घरी आली नाही. माझ्या लग्नाला नाही, कुठल्या दिवाळीला नाही. आई वर्षातून दोनदा एसटीने तिच्याकडे जायची. बाबा प्रत्येक वेळी दुकानातली सगळ्यात चांगली साडी निवडून आईच्या पिशवीत ठेवायचे आणि पुढच्या खेपेला ती साडी आईला त्या दुसऱ्या बाईच्या अंगावर दिसायची. ताईला मुलगा झाला, मुलगी झाली. चारही लेकरं दोघींच्या हाताखाली वाढली. दोघींचं छान जमलं होतं, जावयांशी जमायचं त्यापेक्षा जास्त. बाबा कधी गेले नाहीत. मी एकदा चिडून विचारलं, की तुम्ही का नाही जात, हात जोडा तिच्यापुढे. ते म्हणाले, “थे बसा म्हणन आणि चहा देईन. मले नाई सोसणार.” मला त्यांचा राग यायचा, आणि त्यांच्या ताटात भाकर वाढताना रडूही यायचं; दोन्ही एकाच वेळी, वर्षानुवर्षं.

बाबा गेले तेव्हा मी माहेरी होते. शेवटचे दोन दिवस ते दर थोड्या वेळाने डोळे उघडून विचारायचे, “विमल आली का?” आम्ही तार केली होती, उत्तर नव्हतं. मी म्हणायचे, “निघाली बाबा, गाडीत बसली.” ते मान डोलवायचे. शेवटचं विचारलं तेव्हा मी म्हटलं, “आली, हे पाहा,” आणि स्वतःचाच हात त्यांच्या हातात दिला. त्यांनी तो घट्ट धरला आणि म्हणाले, “चुकलं गं माय माहं.”

दहावं झाल्यावर मी एसटीने नरखेडला जाऊन मळ्यावर गेले. ताई ओसरीवर संत्री निवडत होती, केस बरेच पांढरे. तिने हात धुतले, मला बसायला दिलं, चहा केला. रडली नाही. आईची चौकशी केली, माझ्या मुलांची केली. मी सगळं सांगितलं, तो शेवटचा शब्दही. आमच्या घरातून तिला द्यायला माझ्याजवळ तेवढंच होतं, आणि ते अक्षर न् अक्षर खरं होतं.

ती ऐकत होती. मग म्हणाली, “खोटं नको बोलू वं सुमे माह्यासाठी.”

“आईची शपथ, ताई.”

“शपथ नको घेऊ,” ती अगदी मायेने म्हणाली. “आपल्या घरचं माणूस भलं व्हावं म्हणून काहीही सांगते.” आणि माझ्या हातातला रिकामा कप घेऊन ती विसळायला उठली.